जादूच्या कथांवर सरसकट फुली नको

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

मुलांच्या हाती जादूच्या कथा देऊ नयेत, कारण मंत्र म्हटला की काम फत्ते होते अशी समजूत त्यांच्या मनात घर करते, अशा आशयाचा लेख आपल्या रविवार पुरवणीत प्रसिद्ध झाला आहे. लेखकाची तळमळ खरी आहे आणि ज्या राज्याला २०१३ मध्ये जादूटोणाविरोधी कायदा करावा लागला, तिथे ती समजण्यासारखीही आहे. परंतु सगळ्या जादूकथा एकाच मापाने मोजण्याला माझा आक्षेप आहे, कारण नेमकी याच्या उलट शिकवण देणारी एक कल्पित जादूविद्या मला चांगली परिचयाची आहे.

अमेरिकन लेखिका उर्सुला ले ग्विन यांची ‘अ विझर्ड ऑफ अर्थसी’ ही कादंबरी १९६८ मध्ये प्रसिद्ध झाली. अर्थसी हा शेकडो बेटांचा काल्पनिक प्रदेश असून त्यातल्या रोक बेटावर जादूगारांचे गुरुकुल आहे. तिथल्या विद्येचा पाया असा की, ज्या आद्य भाषेत जग निर्माण झाले त्या भाषेत प्रत्येक वस्तूला आणि प्रत्येक जिवाला एक खरे नाव आहे, आणि ते ज्याला ठाऊक त्याची त्या वस्तूवर सत्ता चालते. म्हणूनच तिथली माणसे आपले खरे नाव जिवाभावाच्या माणसाशिवाय कुणालाही सांगत नाहीत. ही नावे शिकण्यासाठी विद्यार्थ्यांना एका एकाकी मनोऱ्यात पाठवले जाते. तिथे हाती पडलेली नावांची यादी मध्यरात्रीपूर्वी पाठ करावी लागते, कारण त्यानंतर शाई उडून जाते आणि पान कोरे होते. ज्या विद्येत एवढी घोकंपट्टी आहे, तिला फुकटात फळ देणारी विद्या कसे म्हणावे? शिवाय मनोऱ्यातले गुरू मर्यादाही स्पष्ट सांगतात: जे जवळ आहे आणि ज्याचे नाव अचूक व पूर्णपणे घेता येते, तेवढ्यावरच जादूगाराचा अधिकार चालतो, त्यामुळे अख्खा समुद्र कुणालाच ताब्यात घेता येत नाही.

या व्यवस्थेचे मर्म एका खड्याच्या प्रसंगात आहे. गेड नावाचा हुशार आणि उतावळा विद्यार्थी नजरबंदी शिकवणाऱ्या गुरूंना विचारतो की, खड्याचा केलेला हिरा कायम हिराच राहावा यासाठी काय करावे लागेल. गुरू रागावत नाहीत. ते समजावतात की दिसणे बदलणे सोपे आहे, पण खडा खरोखर हिरा व्हायचा तर त्याचे खरे नाव बदलावे लागेल, आणि तेवढ्याशा खड्याचे नाव बदलणे म्हणजेही जग बदलणे होय. तसे करता येते. मात्र त्यातून कोणते बरेवाईट परिणाम होतील हे कळेपर्यंत एका खड्याला, वाळूच्या एका कणालाही हात लावू नये. रोकवर पाडलेला पाऊस दुसऱ्या एखाद्या बेटावरचा दुष्काळ ठरू शकतो, हेही विद्यार्थ्यांना शिकवले जाते. गेडचे पहिले गुरू ओगियन तर पावसात भिजत चालतात, पण ढग बाजूला सारत नाहीत. सामर्थ्य असूनही ते न वापरण्याची ही शिस्त कथेत उपदेश म्हणून येत नाही, पात्रांच्या वागण्यातून दिसते.

ती मोडल्यावर काय होते, हेही लेखिका लपवत नाही. ईर्षेला पेटून गेड मृतांमधल्या एका स्त्रीला बोलावतो, त्या भेगेतून एक काळी छाया जगात शिरते आणि ती भेग बुजवताना गुरुकुलाचे वृद्ध प्रमुख प्राण गमावतात. त्यानंतरच्या पुस्तकात गेड आधी त्या छायेपासून पळतो आणि मग उलटून आपल्याच कृत्याचा माग घेतो. याच मालिकेतल्या तिसऱ्या कादंबरीत मृत्यू टाळू पाहणाऱ्या एका मांत्रिकाने जिवंत आणि मृतांच्या जगांमध्ये पाडलेल्या छिद्रामुळे जगातली जादूच ओसरू लागते, जादूगारांना नावे आठवेनाशी होतात, आणि ते छिद्र बंद करताना गेडला आपली सगळी शक्ती खर्ची घालावी लागते.

या रचनेत उणीव नव्हती असे मी म्हणणार नाही. रोकवर प्रवेश फक्त मुलग्यांना होता आणि बायकांच्या जादूला हीन लेखले जाई. पण लेखिकेने १९९० मध्ये ‘तेहानू’ ही चौथी कादंबरी लिहून आपल्याच जगाला त्याचा जाब विचारला आणि २००१ मधल्या एका कथेत हे गुरुकुल उभारणाऱ्यांमध्ये स्त्रियाही होत्या असे दाखवले. स्वतः उभारलेली व्यवस्था वीसेक वर्षांनी अशी उलटून तपासणारे लेखक थोडे. मला याचे फार मोल वाटते.

भोंदूबाबा चमत्कार खरा म्हणून विकतो. कादंबरी मात्र कल्पित असल्याचे सांगूनच वाचकाच्या हाती येते. तेव्हा एखादी जादूकथा मुलांना द्यावी की नाही, हे तिच्यातली जादू काय किंमत मागते ते पाहून ठरवावे. आपल्या पुरवणीत अशा पुस्तकांची नियमित आणि गंभीर परीक्षणे यावीत, अशी माझी विनंती आहे. त्यांत वयाचाही उल्लेख असावा: अर्थसीची पहिली तीन पुस्तके सातवी-आठवीच्या मुलांना देता येतील, पण ‘तेहानू’मध्ये एका लहान मुलीवर झालेल्या भीषण अत्याचाराचा विषय असल्याने ते पालकांनी आधी स्वतः वाचावे.

आपला नम्र,
एक वाचक