बाबांच्या प्रश्नाचं उत्तर

मॉन्ट्रियल

ती. आई-बाबांना सा. न.

बाबा, परवा तुम्ही विचारलंत, ‘धरणाची एवढी जाडजूड भिंत पन्नास-साठ वर्षं उभी आहे, त्यात आता संगणक काय बघतो?’ फोनवर आवाज तुटत होता, म्हणून लिहूनच सांगते.

कोयनेपासून सुरुवात करू. 11 डिसेंबर 1967च्या पहाटेच्या भूकंपाबद्दल तुम्हा दोघांकडून कितीदा ऐकलंय, पण धरणाच्या भिंतीचं काय झालं ते मला इथे शिकताना कळलं. भिंत 103 मीटर उंच. तिच्या कोरड्या बाजूचा उतार माथ्यापासून साधारण 36 मीटर खाली एकदम बदलतो. भूकंपात नेमक्या त्याच पट्ट्यात आडव्या भेगा पडल्या. भिंत टिकली, नंतर तिला मागून काँक्रीटचे टेकू दिले. आज जगात कुठेही धरणाचं नवं सॉफ्टवेअर लिहिलं की बऱ्याचदा आधी कोयनेवर चालवून बघतात. भेगा त्याच उंचीवर आल्या तर पुढे बोलायचं!

मी कामात रोज वापरते ती संगणक प्रणाली त्यामानाने साधी. कॅडॅम नाव, इथल्याच एकोल पॉलिटेक्निकमध्ये तयार झालेली. भिंतीचं वजन, पाण्याचा रेटा, हिवाळ्यात जलाशयावर गोठलेल्या बर्फाचा रेटा, भूकंपाचा धक्का हे सगळं धरून भिंत घसरेल का, कलंडेल का, ते काँक्रीटच्या थरांमधल्या प्रत्येक आडव्या सांध्यावर तपासायचं. शिवाय अपलिफ्ट. पाणी सांध्यात, पायात शिरतं आणि भिंतीला खालून उचलू बघतं, म्हणजे तुम्ही म्हणता त्या वजनातलं बरंचसं हिशेबातून वजाच होतं. फ्रान्समधलं बूझेचं धरण 1895 मध्ये फुटलं, ऐंशीहून जास्त माणसं गेली, तेव्हा कुठे इंजिनिअर या दाबाकडे गांभीर्याने बघू लागले.

पण बाबा, आकडा संगणक काढतो, त्याच्या पोटात काय घालायचं ते मला ठरवावं लागतं. सांध्यात काँक्रीट अजून चिकटून आहे की नुसतं एकावर एक टेकलंय? गॅलरीतली, म्हणजे भिंतीच्या आतल्या बोगद्यातली, निचऱ्याची भोकं मोकळी आहेत की चुन्याने बुजलीत? एवढं एक गृहीत बदललं की ‘सुरक्षित’चं ‘असुरक्षित’ होतं. म्हणून मला पडद्यावरच्या रंगीत चित्रांपेक्षा भिंतीतून कापून काढलेल्या नमुन्यांवर जास्त भरवसा आहे. ऑफिसात यावरून वाद होतात, होऊ देत.

आई, तापमानाचं तुला लगेच कळेल. ताटातला शिरा कडेने निवतो, मध्ये मात्र जीभ भाजते. सिमेंट पाण्याशी मिळताना तापतं आणि जाड भिंतीची ऊब आतच अडकते. अमेरिकेतलं हूवर धरण बांधताना आत नळ्या घालून गार पाणी खेळवलं होतं ते यासाठीच. नवी भिंत निवली तरी इथल्या थंडीचं काय? कॅडॅमची जोडीदार टॅडॅम तेच बघते. बाहेर उणे तीस असताना भिंतीच्या आत पाच मीटरवर तो कडाका पोचायला जवळजवळ तीन महिने लागतात, तोही पाचवा हिस्सा होऊन. कातडी आखडते, गाभा आखडत नाही, म्हणून भेग. हिवाळ्यात माथा किंचित कोरड्या बाजूला झुकतो, उन्हाळ्यात परत येतो. हे दरवर्षीचं हलणं वजा केल्याशिवाय खरोखरच काही बिघडलंय का, ते कळत नाही.

इथल्या क्वेबेक प्रांतातलं मानिक-5 धरण तर 214 मीटर उंच, कमानींचं. त्याच्या कमानींना थंडीने भेगा गेल्या, म्हणून खालच्या भागात कोरड्या बाजूला ऊब राखणारे आडोसे बांधलेत. उन्हाळ्यात ते लोकांना आतून दाखवतात. तुम्ही याल तेव्हा जायचंच आहे, पण इथून जवळजवळ नऊशे किलोमीटर आहे, वाटेत दोन मुक्काम करावे लागतील. आई, तुझ्या गुडघ्यांना एवढं बसणं झेपेल का ते डॉक्टरांना विचारून कळव, मगच गाडी ठरवते.

तुमची,
मनू