अण्णा, ती लग्नपत्रिका परत मिळाली

आदरणीय अण्णा,
सा. न. वि. वि.

निकालाच्या दिवशी तुम्ही पुढच्या केसची फाईल काखेत मारून निघूनही गेलात. वकीलसाहेबांचे आभार मानले, तुमचे राहिले. वकिलांच्या कारकुनाचे आभार कुणी मानत नाही असं दिसतं, म्हणून हे चारचौघांसमोर लिहितेय.

2023 च्या जानेवारीत डंपरने मागून ठोकलं आणि आमचे हे तासगाव रस्त्यावर जागच्या जागी गेले. वय 34. लोकांच्या द्राक्षबागेत ट्रॅक्टरने औषध मारायचे; ना पगारपत्रक, ना बँकेत हिशोब. तेराव्याला आलेला जो तो एकच सांगायचा, आधी कोर्टातून वारस दाखला काढ, त्याशिवाय अपघाताच्या भरपाईचा क्लेम होत नाही. मी त्याच्याच मागे. तुमच्या टेबलापाशी आले तेव्हा पाचवा महिना संपत आला होता.

तुम्ही चष्मा कपाळावर सरकवून म्हणालात, "ताई, तो दाखला बँकेतल्या ठेवीला लागतो. इथं मोटार वाहन कायद्याच्या कलम 166 खाली वारसांनी अर्ज करायचा आणि नातं कागदाने दाखवायचं. आणि 2022 च्या एप्रिलपासून मुदत सहा महिन्यांची झालीय. आधी अर्ज पडू दे."

मग कागद निघाले आणि माझे डोळे उघडले. आधारवर माझं माहेरचं नाव. रेशनकार्डही माहेरचंच, सासरी नाव चढवायचं दहा वर्षं राहून गेलेलं. लग्नाची नोंदणी नाही. फिर्याद यांच्या मित्राने दिलेली, त्यात यांचं घरात हाक मारायचं नाव. म्हणजे कागदावर मी कुणाचीच बायको नव्हते आणि मेलेला माणूसही दुसराच होता! तुम्ही वैतागला नाहीत. पोरांचे जन्मदाखले, यांचा शाळा सोडल्याचा दाखला, तलाठ्याकडची वारस नोंद, दोन्ही नावं एकाच माणसाची असल्याचं प्रतिज्ञापत्र, असं एकेक मागवत गेलात. शेवटी विचारलंत, "लग्नपत्रिका आहे का?" ती ट्रंकेत तळाला सापडली, एका कोपऱ्याला कसरीने खाल्लेली. तिच्यात यांची दोन्ही नावं होती, मध्ये 'ऊर्फ'. तुम्ही त्या 'ऊर्फ'वर बोट ठेवून हसलात. पाच महिन्यांत माझ्यासमोर पहिल्यांदा कुणीतरी हसलं होतं.

खरे आभार मात्र सासूबाईंच्या, म्हणजे आमच्या आत्यांच्या, नावासाठी आहेत.

अर्जदारांत मी आणि दोन पोरं एवढीच नावं दिली होती. आत्या कुठे आहेत विचारलंत, मी म्हटलं त्यांचं नाव नको. कारण सांगितलं नव्हतं, आता सांगते. सुतकाचे दिवस चालू असताना त्या मला पांढऱ्या पायाची म्हणाल्या होत्या. तुम्ही खोदून विचारलं नाहीत. एवढंच म्हणालात, "आई पहिल्या वर्गाची वारस. अर्जदार केलं नाहीत तर सामनेवाले, म्हणजे विरुद्ध बाजूला, करावं लागेल, बाहेर ठेवता येत नाही." आणि कोर्टाच्या जुन्या बोर्डाच्या, म्हणजे त्या दिवशीच्या केसेसच्या यादीच्या, पाठकोऱ्या कागदावर आकडे मांडलेत. महिना 15,000 धरले, वय चाळिशीच्या आतलं म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के, झाले 21,000. अवलंबून तिघं असतील तर मयताच्या स्वतःच्या खर्चाचा तिसरा हिस्सा कापतात, चौघं असतील तर चौथाच. 34 वयाला गुणक 16, म्हणजे उरलेल्या रकमेचे वर्षाचे पैसे काढून त्याला 16 ने गुणायचं. तिघांचे 26,88,000, चौघांचे 30,24,000. "म्हातारी तुमच्यातलं खात नाही ताई, 3,36,000 घेऊन येते," म्हणालात.

खरं सांगते, त्या दिवशी मी मायेने नाही, आकड्याने ऐकलं.

उलटतपासात विमा कंपनीच्या वकिलांनी विचारलंच, रेशनकार्डावर नाव नाही, मग तुम्ही पत्नी कशावरून? माझी जीभ टाळ्याला चिकटली. पण त्याआधी आत्यांची साक्ष झाली होती. लुगड्याचा पदर डोक्यावर ओढून त्या म्हणाल्या होत्या, "माझी सून हाय. मी सोता वरात उतरवून घेतली." ते वाक्य रेकॉर्डवर गेलं. तुमच्या सगळ्या कागदांवर ते भारी पडलं असं मला वाटतं. तुम्हाला पटणार नाही, तुमचा विश्वास 'ऊर्फ'वर.

पोरांचे पैसे ती सज्ञान होईपर्यंत बँकेत ठेव म्हणून पडलेत. आत्यांच्या वाट्याचं पासबुक त्यांनी माझ्याकडे दिलंय. मी परत केलं, त्यांनी पुन्हा माझ्या पिठाच्या डब्यामागे ठेवलं. त्यावर आम्ही बोलत नाही. रेशनकार्डावर आता आम्ही चौघं आहोत.

शनिवारच्या एसटीने शेंगा पाठवतेय. आत्यांनी स्वतः वाळवल्यात. ऑफिसात वाटून टाकू नका, घरी न्या.

तुमची,
ताई