खिडकीपलीकडची नावं

वाई

चि. माऊस,
अनेक उत्तम आशीर्वाद.

परवा फोनवर तू म्हणालीस, "बाबा, सामानात चारच पुस्तकं बसतील, कोणती ते तुम्ही ठरवा." मी नुसतं "बघतो" म्हणालो. काबूलच्या दूतावासात बदलीची ऑर्डर आल्याचं तू सांगितलंस तेव्हापासून मी दुसरं काही बघतच नव्हतो, हे तुला फोनवर सांगता आलं नाही. ऑक्टोबर 2025 मध्ये आपल्या सरकारने तिथल्या टेक्निकल मिशनला पुन्हा दूतावासाचा दर्जा दिला, ती बातमी मी वाचनालयातच वाचली होती. वाचली आणि पेपर काठीला लावून ठेवला. त्या बातमीशी आपल्या घराचा कधी संबंध येईल असं मनातही आलं नव्हतं.

चार पुस्तकं काढली आहेत. खाकी कागदाची कव्हरं घालून, आतल्या कोऱ्या पानावर तुझं नाव घालून ठेवलीत. मात्र ती वाचायची कशी, याबद्दल थोडं लिहायचं आहे. पस्तीस वर्षं पुस्तकं देवघेव करण्यात गेली, तेवढा हक्क मला आहे असं समज.

युद्धात सापडलेल्या देशातल्या दूतावासांवर पुस्तकं पुष्कळ आहेत, आणि त्यातली बरीचशी राजदूतांनी लिहिलेली आहेत. ते साहजिक आहे. त्यांच्याकडे टिपणं असतात, निवृत्तीनंतर वेळ असतो, प्रकाशकही असतो. शेरार्ड कूपर-कोल्स हे 2007 ते 2009 या काळात काबूलला ब्रिटनचे राजदूत होते. त्यांचं 'केबल्स फ्रॉम काबूल' तुझ्या गठ्ठ्यात आहे. फौजा कितीही वाढवा, राजकीय तोडगा काढल्याशिवाय हे युद्ध सुटणार नाही, असं त्यांनी त्यात स्वच्छ मांडलं आहे. नोकरीतल्या माणसाला वरिष्ठांना न आवडणारं सत्य किती चिकाटीने सांगत राहावं लागतं, ते त्यात दिसतं. जरूर वाच. पण तू राजदूत म्हणून जात नाहीस. तुला बहुधा कॉन्सुलर विभागातलं टेबल मिळेल, म्हणजे अर्ज, पासपोर्ट, शिक्के आणि खिडकीपलीकडचा माणूस. म्हणून कुठलंही पुस्तक उघडलंस की मनात एकच प्रश्न ठेव: यात खिडकीपलीकडच्या माणसाचं काय झालं?

मला हा प्रश्न पडला तो मोहनलालमुळे. शाळेत आपल्याला त्याचं नाव कुणी सांगितलं नाही. दिल्लीतल्या काश्मिरी पंडित घराण्यातला, दिल्ली कॉलेजात इंग्रजी शिकलेला पोरगा. ईस्ट इंडिया कंपनीचा अधिकारी अलेक्झांडर बर्न्स याच्याबरोबर मुन्शी म्हणून 1832 मध्ये तो मध्य आशियातल्या बुखाऱ्यापर्यंत जाऊन आला. पुढे इंग्रजांनी काबूल घेतलं, बर्न्स तिथला मोठा अधिकारी झाला आणि मोहनलाल त्याचा खबऱ्या, दुभाषा, सगळंच. 1 नोव्हेंबर 1841 च्या रात्री तो बर्न्सच्या घरी गेला आणि सांगितलं, उठाव होणार आहे, सावध राहा. बर्न्सने घर सोडलं नाही. सकाळी जमावाने वाडा घेरला. छावणी फार लांब नव्हती, तरी मदत आली नाही. बर्न्स आणि त्याचा भाऊ मारले गेले, आणि मोहनलालने ते शेजारच्या घराच्या गच्चीवरून पाहिलं.

इथवरची गोष्ट कुठल्याही पुस्तकात मिळते. माझं मन अडकतं ते पुढच्या भागात. जानेवारी 1842 मध्ये इंग्रजांची फौज काबूल सोडून निघाली आणि बर्फातल्या खिंडींमध्ये संपली. साडेचार हजारांच्या आसपास सैनिक आणि त्यांच्यामागे बारा हजारांवर बाजारबुणगे. ('बाजारबुणगे' हा आपला पानिपतचा शब्द. त्यातला तुच्छपणा मला आता सहन होत नाही, पण दुसरा शब्द सापडत नाही.) मोहनलाल मात्र काबूलमध्येच राहिला. तिथून गुपचूप पत्रं पाठवत राहिला. ओलीस ठेवलेल्या इंग्रज बायका-मुलांना आणि अधिकाऱ्यांना सोडवण्यासाठी त्याने स्वतःच्या नावावर कर्ज काढलं, पहारेकऱ्यांच्या सरदाराला फितवलं, आणि सप्टेंबरात ते सुटले. त्या कर्जाचे पैसे कंपनीने त्याला पुरते कधी दिले नाहीत. 1846 मध्ये त्याने लंडनला काबूलचा अमीर दोस्त मोहम्मद याचं चरित्र दोन खंडांत छापलं, पण कर्ज काही फिटलं नाही. विल्यम डॅलरिंपल यांच्या 'रिटर्न ऑफ अ किंग'मध्ये हा काळ आहे, आणि त्यांनी काबूलमध्ये मिळालेली फारसी साधनंही वापरली आहेत. गठ्ठ्यात सगळ्यात वर तेच ठेवलंय. आधी ते वाच.

आपल्याकडेही हे होतंच. पेशव्यांचे हिंगणे वकील दिल्लीत बसून पुण्याला पत्रं लिहीत. तेव्हा वकील म्हणजे कोर्टातला नव्हे, दरबारातला. अब्दाली येतो आहे, बादशहाची नियत फिरली आहे, पैसा पाठवा, उशीर करू नका. त्या वकिलांची नावं राहिली. पण पत्र घेऊन नर्मदा उतरलेल्या जासुदाचं नाव काय होतं, ते मी रुमालातून, म्हणजे जुन्या दफ्तराच्या कापडी गठ्ठ्यांतून, काढलेल्या कागदांच्या छापील खंडांमध्ये कितीदा शोधलं असेन.

आता जे लिहायचं ते तुझ्या आईच्या समोर लिहिता आलं नसतं, म्हणून ती देवळात गेल्यावर बसलो आहे.

7 जुलै 2008. सोमवार होता. तू तेव्हा सहावीत होतीस. सकाळी साडेआठच्या सुमारास काबूलमधल्या आपल्या दूतावासाच्या फाटकावर स्फोटकांनी भरलेली मोटार आदळली. ब्रिगेडियर रवी दत्त मेहता, व्ही. व्यंकटेश्वर राव, आणि आयटीबीपीचे, म्हणजे भारत-तिबेट सीमा पोलिसांचे, दोन जवान, अजय पठानिया आणि रूप सिंग, हे आपले चौघे गेले. मृतांचा आकडा मात्र 58 होता. बाकीचे बहुतेक अफगाण होते. दूतावासात नोकरी करणारे, रस्त्याने जाणारे, आणि व्हिसासाठी सकाळपासून रांगेत उभे असलेले.

दुसऱ्या दिवशी वाईत पाऊस धो-धो कोसळत होता. पेपरवाल्याने दिलेला गठ्ठा भिजला होता. मी एकेक पान सुटं करून दोरीवर वाळत घातलं आणि ती बातमी उभ्याउभ्याच वाचली. तेव्हा माझ्या मनात राहिले ते आपले चौघेच. रांगेतली माणसं मनात यायला बरीच वर्षं जावी लागली, त्याची मला खंत आहे. बाकीच्या गठ्ठ्याबरोबर दूतावासांचे नियम ठरवणाऱ्या 1961 च्या व्हिएन्ना कराराची प्रत छापून ठेवली आहे. 53 कलमं आहेत, एका बैठकीत होतील. त्यातलं 22वं कलम सांगतं की दूतावासाच्या आवारात यजमान देशाला परवानगीशिवाय पाऊल टाकता येत नाही, आणि त्या आवाराचं रक्षण करणं हे त्याचं कर्तव्य आहे. ते कलम फाटकापाशी संपतं. फाटकाबाहेर रांगेत उभ्या असलेल्या माणसासाठी त्या 53 मध्ये काही नाही. पुढे 8 ऑक्टोबर 2009 ला पुन्हा तसाच स्फोट झाला. मधल्या काळात आपण भिंती भक्कम केल्या होत्या, त्यामुळे आतली माणसं वाचली. बाहेरची सतरा गेली.

ऑगस्ट 2021 मधल्या दोन गोष्टी तू आधीच वाचल्या असशील, तरी लिहितो. तालिबान काबूलच्या वेशीवर आल्यावर अमेरिकी दूतावासात कागद नष्ट करण्याचा हुकूम निघाला. सगळीकडे तसाच निघतो, आणि तो बरोबरही असतो. पण त्या घाईत, व्हिसासाठी जमा केलेले अफगाण लोकांचे पासपोर्टही नष्ट झाले. ते तालिबानच्या हाती पडले असते तर त्या माणसांवर संकट आलं असतं हे खरं. पण पासपोर्टच गेला, तर त्या माणसाने विमानतळावर दाखवायचं काय? आणि ब्रिटिश दूतावासात नेमकं उलटं झालं. इमारत रिकामी झाल्यावर एका पत्रकाराला तिथे जमिनीवर पडलेले कागद सापडले. त्यात तिथे काम करणाऱ्या आणि नोकरीसाठी अर्ज केलेल्या अफगाणांचे तपशील होते. एकीकडे जाळायला नको होतं ते जळलं, दुसरीकडे जाळायला हवं होतं ते राहिलं. दोन्हीकडे कागद दूतावासाचा होता आणि नाव दुसऱ्याचं.

आपणही त्यात निर्मळ नाही, माऊ. त्याच महिन्यात भारताने अफगाणांना आधी दिलेले सगळे व्हिसा रद्द केले आणि नवी ई-व्हिसाची पद्धत आणली. पासपोर्ट चोरीला गेल्याची खबर होती, सुरक्षेचं कारण खरं होतं. पण पुण्यात शिकणारी आणि सुट्टीत घरी गेलेली अफगाण मुलं त्यामुळे तिकडेच अडकली. पुण्यात तेव्हा किती अफगाण मुलं होती ते तुला ठाऊक आहे, तुझ्याच वर्गात होती की. कुणीतरी कुठल्यातरी टेबलावर बसून त्यांच्या अर्जावर निर्णय घ्यायचा होता. आता तसल्या एका टेबलावर तू बसणार आहेस.

तुझी आई विचारते, "तिथे जायलाच हवं का कुणी?" रागाने नाही विचारत, काळजीने विचारते. मी तिला 1999 सांगितलं. सप्टेंबर 1996 मध्ये तालिबान काबूलमध्ये शिरले तेव्हा आपण दूतावास बंद केला. तीन वर्षांनी आपलं विमान पळवून कंदाहारला नेलं, तर बोलायला तिथे आपलं कुणीच नव्हतं. 24 डिसेंबरला विमान पळवलं, आपली वाटाघाटीची माणसं तिथे पोचायला 27 तारीख उजाडली, आणि 31 डिसेंबरला तीन अतिरेकी सोडून ते प्रकरण संपलं. सरकार आवडतं म्हणून कुणी दूतावास उघडत नाही. आपली माणसं अडकली तर दार ठोठावायला कुणी हवं, म्हणून उघडतात. आईने ऐकून घेतलं. पटलं की नाही ते सांगितलं नाही. संध्याकाळी मेतकुटाची डाळ भाजायला घेतली, यावरून काय ते समज.

आपल्या धोरणातली ही आत-बाहेर समजायला अविनाश पालीवाल यांचं 'माय एनिमीज एनिमी' तिसरं ठेवलंय. अफगाणिस्तानात सगळ्यांशी बोलावं की ठरावीक मित्रांनाच धरून राहावं, यावर दिल्लीतच किती मतभेद होते ते त्यात नीट आहे. जरा जड आहे, पण तुझ्या ऑफिसातल्या फायलींची भाषा त्याने कळेल.

चौथं पाहून तुला आश्चर्य वाटेल. अब्दुल सलाम झईफ, तालिबानचा इस्लामाबादेतला राजदूत. 'माय लाइफ विथ द तालिबान' हे त्याचं आत्मकथन. त्याची मतं मला मान्य नाहीत आणि तुला होतील असं वाटत नाही. तरी वाच. दूताचं काम संपलं तरी तो देश सोडून जाईपर्यंत त्याचं संरक्षण टिकतं, युद्ध असलं तरी टिकतं, असं कराराचं 39वं कलम म्हणतं. पाकिस्तानने मान्यता काढून घेतली, आणि जानेवारी 2002 मध्ये त्याला पकडून अमेरिकनांच्या ताब्यात दिलं. तो 2005 पर्यंत अमेरिकेच्या ग्वांतानामो तुरुंगात होता. नियम आपल्या माणसासाठी हवा असेल तर नावडत्या माणसासाठीही तो पाळावा लागतो. मला हे पुस्तकातून कळलं, तुला तिथे रोज सांभाळावं लागेल.

आता एक जुनी गोष्ट. तू लहान होतीस, तुला मी कधी सांगितली नाही. एका दुपारी दोन माणसं वाचनालयात आली. गावातल्या एका तरुण मुलाने काय काय पुस्तकं नेली ते बघायचं आहे, वही दाखवा, म्हणाली. लेखी काही आहे का, विचारलं. नव्हतं. वही माझ्यासमोर उघडीच पडली होती, त्या मुलाचं नाव तिसऱ्या ओळीत होतं. मी वहीवर हात ठेवला आणि म्हणालो, ही वाचकांची वही आहे, माझी नाही. ती माणसं थोडा वेळ थांबली आणि गेली. माझा हात नंतर किती वेळ थरथरत होता. तो मुलगा आज कुठे आहे ते मला माहीत आहे, तुलाही सांगणार नाही.

तिथे तुझ्या टेबलावर अशी वही रोज उघडी असेल. नाव, बापाचं नाव, गाव, नातेवाईक कुठे, भारतात का जायचं. आपल्या दूतावासात काम करणारे तिथले स्थानिक लोकही तुझ्या शेजारी बसतील. तुला भाषा शिकवतील, चहा देतील, कुठला रस्ता आज नको ते सांगतील. तुझी बदली दोन वर्षांनी होईल. ते तिथेच राहतील.

म्हणून एक मागणं आहे. तू दर आठवड्याला सविस्तर लिहिशील असं आईला कबूल केलं आहेस. लिही, खूप लिही. पण तिथल्या माणसांची नावं लिहू नकोस. फोटोत त्यांचे चेहरे पाठवू नकोस. 'ऑफिसातले काका', 'स्वयंपाकघरातल्या मावशी' एवढंच लिहीत जा. आम्ही त्यांना तेवढ्यावरून ओळखू, आणि आई संध्याकाळी दिवा लावताना त्यांच्यासाठीही हात जोडेल.

मेतकूट वेगळ्या डब्यात दिलंय, पुस्तकांत ठेवू नकोस, वास लागतो. उबदार मोजे तिथे मिळतील म्हणतात, तरी दोन जोड टाकले आहेत.

तुझे
बाबा