नवी डिस्क नको, जुन्या डिस्कमधले चित्रण हवे

प्रति,
प्रमुख, विक्रीपश्चात सेवा विभाग

विषय: आपल्या तंत्रज्ञाने फॉरमॅट केलेल्या डीव्हीआरमधील चित्रण परत मिळण्याबाबत

महोदय,

आपल्या कंपनीचा आठ कॅमेऱ्यांचा डीव्हीआर (कॅमेऱ्यांचे चित्रण डिस्कवर साठवणारा रेकॉर्डर) आमच्याकडे दोन वर्षे चालू आहे. आजवर त्याची कुरकूर नव्हती, म्हणून तक्रार करण्याची ही पहिलीच वेळ.

गेल्या सोमवारी पहाटे चारला वीज गेली आणि पाचला आली. त्याच दिवशी दुपारी चारच्या सुमारास एका दुचाकीने माझ्या वडिलांना आमच्या फाटकासमोर धडक दिली. चालक थांबला नाही. वडिलांचा खुबा मोडला आहे. फाटकावरचा कॅमेरा नेमका त्या जागेवर रोखलेला असल्याने गाडीचा नंबर मिळेलच, अशा भरवशावर आम्ही होतो. रात्री प्लेबॅक उघडले, तर रविवारपर्यंतचे सगळे जागच्या जागी आणि सोमवार पहाटे चारनंतर कोरा. मी स्क्रीनचा फोटो काढून आपल्या हेल्पलाइनला पाठवला.

मंगळवारी अकराला तंत्रज्ञ आले. त्यांनी कॅलेंडरमध्ये सोमवार निवडला, पहाटे चारनंतरचे काही दिसले नाही, आणि निदान झाले: "ताई, डिस्क गेलीय. फॉरमॅट मारून बघू." आधीचे रेकॉर्डिंग जाईल का, असे मी विचारले. "दिसतच नाहीये, तर जाणार काय?" एवढे बोलून त्यांनी माउस क्लिक केला. मग घड्याळ बरोबर लावले, रेकॉर्डिंग सुरू झाल्याचे दाखवले, माझी सही घेतली आणि गेले. जेमतेम वीस मिनिटांचे काम.

मी पाठवलेला तो फोटो आपल्यापैकी कोणी नीट पाहिला असता, तर हे पत्र लिहायची वेळ आली नसती. (मीही तो उशिराच पाहिला, हे कबूल.) फोटो सोमवारी रात्री नऊचा आहे. स्क्रीनच्या कोपऱ्यात मात्र तारीख आहे ०१-०१-२००० आणि वेळ १६:०४. वीज नसताना घड्याळ चालू ठेवणारा बोर्डावरचा बटण सेल संपला असणार, म्हणून पहाटे पाचला रेकॉर्डर थेट २००० सालात जाऊन बसला. म्हणजे त्याच्या लेखी माझ्या वडिलांचा अपघात १ जानेवारी २००० रोजी सकाळी अकराला झाला. चित्रण झाले होते, डिस्कवर होते, फक्त भलत्या तारखेखाली होते. कॅलेंडर मागे नेऊन ती तारीख उघडायचा अवकाश होता. तंत्रज्ञांनी घड्याळ दुरुस्त केले तेव्हा चुकीची तारीख त्यांच्या डोळ्यांसमोरच होती, पण तोवर फॉरमॅट होऊन गेला होता.

सेलची शंका खरी आहे का, हे मी नंतर तपासले. डिस्क बाहेर काढून नुसता रेकॉर्डर चालू केला, तर पुन्हा ०१-०१-२०००. सेल बदललेलाच नाही.

फॉरमॅटपेक्षाही मला जास्त राग आहे तो त्यानंतरच्या सल्ल्याचा. संध्याकाळी हेल्पलाइनला फोन केला, तर उत्तर मिळाले की फॉरमॅट झाले म्हणजे सगळे गेले, आता मशीन चालू राहू द्या. अशा रेकॉर्डरचा फॉरमॅट काही मिनिटांत उरकतो, कारण तो बहुधा कोणते चित्रण डिस्कवर कुठे आहे याची फक्त सूची पुसतो. प्रत्यक्ष चित्रण त्यावर नवे काही लिहिले जाईपर्यंत डिस्कवर पडून असते. ते खरोखर नष्ट करते ते चालू ठेवलेले रेकॉर्डिंग. बुधवारी सकाळी सहाला मी प्लग काढला, तोपर्यंत १९ तास झाले होते. आमचे आठही कॅमेरे प्रत्येकी २ एमबीपीएसवर (सेकंदाला २ मेगाबिट) आहेत, म्हणजे तासाला ७.२ जीबी. १९ तासांत सुमारे १३७ जीबी लिहिले गेले. २ टीबीच्या डिस्कचा हा सात टक्क्यांहूनही कमी भाग. सोमवारची दुपार नेमकी त्यात गेली की वाचली, हे तपासल्याशिवाय ना मला सांगता येईल, ना आपल्या हेल्पलाइनला.

आणि काल आपला संदेश आला: वॉरंटीत नवी डिस्क मिळेल, जुनी जमा करा. माफ करा, ती जमा होणार नाही. डिस्क अँटिस्टॅटिक पिशवीत घालून कपाटात कुलपात ठेवली आहे. ती संगणकाला जोडली तेव्हा विंडोजने लगेच इनिशियलाइज करू का (म्हणजे नवी समजून डिस्कवर स्वतःची मांडणी लिहू का), असे विचारले. आपली फाइल सिस्टीम त्याला ओळखता येत नाही. भाच्याचे बोट त्या बटणाशी पोचलेच होते. तेव्हापासून तिला कोणी हात लावलेला नाही.

माझी मागणी अशी. माझ्यासमोर राइट ब्लॉकर (डिस्कवर काहीही लिहू न देणारे उपकरण) लावून डिस्कची सेक्टर-टू-सेक्टर, म्हणजे रिकाम्या दिसणाऱ्या जागेसकट जशीच्या तशी, प्रत काढावी, पुढची सगळी शोधाशोध त्या प्रतीवरच व्हावी आणि मूळ डिस्क त्याच दिवशी मला परत मिळावी. फाटकाच्या कॅमेऱ्याचे जे तुकडे सापडतील ते आपल्या मूळ स्वरूपात, सोबत आपला प्लेअर देऊन, सुपूर्द करावेत. नंबरप्लेट वाचायची आहे, पुन्हा कॉम्प्रेस केलेली फाइल चालणार नाही. आपल्याकडे ही सोय नसेल तर बाहेरच्या डेटा रिकव्हरीचा खर्च कंपनीने उचलावा. शिवाय तंत्रज्ञांनी तारीख न तपासता फॉरमॅट केले, हे लेखी द्यावे. पोलिसांनी चित्रण मागितले आहे आणि ते का नाही, याचे उत्तर मला द्यावे लागते आहे.

त्या तंत्रज्ञांवर कारवाई करा, असे मी म्हणत नाही. त्यांच्या हातात दिलेल्या कार्यपद्धतीत घड्याळ पाहण्याची पायरी आहे का, तेवढे कळवा.

उत्तर फोनवर नको, लेखी हवे. डिस्क कुरियरने पाठवणार नाही. वेळ कळवा, मी स्वतः घेऊन येईन.

कळावे,
आपली एक ग्राहक

सोबत: सोमवारी रात्रीचा स्क्रीनचा फोटो, मंगळवारच्या सर्व्हिस रिपोर्टची प्रत