टीव्हीवरचं युद्ध

प्रिय संज्या,

काय भो, कसा शे? परवा फोनवर तू म्हणालास की मी हल्ली बातम्याच बघत नाही. बघतो रे, पण आवाज बंद करून. आठ चौकटींत आठ जण ओरडतात, मागे कॉम्प्युटरवर बनवलेली विमानं, आणि आपल्या रावेर-यावलच्या केळीवाल्याला फक्त एवढंच पाहिजे असतं की आखातात जाणारा माल निघेल का नाही, ते एकही जण सांगत नाही.

तुला २००३ आठवतं का, अमेरिकेचं इराकवरचं युद्ध? १५ फेब्रुवारीला युद्ध नको म्हणून जगभर शेकडो शहरांत लोक रस्त्यावर उतरले, एकट्या लंडनमध्ये पोलिसांच्याच हिशोबाने साडेसात लाख, मोर्चावाले तर वीस लाख सांगत होते. तरी २० मार्चला बॉम्ब पडलेच. त्याच फेब्रुवारीत अमेरिकेत एमएसएनबीसी या न्यूज चॅनलने फिल डोनाह्यूचा शो बंद केला, त्या चॅनलवर सगळ्यात जास्त बघितला जाणारा शो होता तो, पण गडी युद्धाविरुद्ध बोलणाऱ्यांना बोलवायचा ना.

मग काय, सहाशेच्या वर पत्रकार सैन्यासोबतच निघाले, त्यांच्याच गाडीत बसून, त्यांच्याच सोबत जेवून. ते खोटं बोलत होते असं मी म्हणत नाही, पण कॅमेराच बंदुकीच्या मागे असला तर गोळी सुटताना दिसते, लागताना नाही दिसत. दुसरी बाजू दाखवणारी कतारची चॅनल अल जझीरा, तर ८ एप्रिलला तिच्या बगदादच्या ऑफिसवर अमेरिकन हल्ला झाला, तिचा बातमीदार तारिक अय्यूब गेला, आणि त्याच दिवशी बगदादमधल्याच, परदेशी पत्रकार उतरलेल्या पॅलेस्टाईन हॉटेलवर रणगाड्याचा गोळा लागून दोन कॅमेरामन.

दुसऱ्या दिवशी फिरदोस चौकात सद्दामचा पुतळा पाडला. टीव्हीवर वाटलं अख्खं बगदाद नाचतंय, नंतर लांबून काढलेले फोटो पाहिले तर निम्म्याहून जास्त चौक रिकामा! आणि तो पुतळा मी जितक्यांदा पडताना बघितला ना, तितक्यांदा लंडनचा मोर्चा काही बघायला मिळाला नाही.

तू म्हणशील सद्दाम काय साधू होता का. नव्हताच, १९८८ ला इराकमधल्याच हलबजात कुर्दांवर विषारी गॅस त्यानेच सोडला. पण ज्या महासंहारक शस्त्रसाठ्यासाठी म्हणून युद्ध केलं तो काही सापडला नाही आणि हे सांगायला चॅनलवाल्यांना तेवढी घाई नव्हती.

म्हणून आता मोर्चाची बातमी लागली की मी आधी कॅमेरा कुठे उभाय ते बघतो, लोकांत की पोलिसांच्या मागे. तुला हे पटणार नाही, माहितीये. थंडीत ये मग, मळ्यात भरीत-पुरी करू आणि पोटभर भांडू.

तुझाच,
दिन्या