माणसे एकत्र येतात, मांडणी तशी हवी

मा. संपादक,
स.न.वि.वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत माणसाचा स्वभाव जनुकांतून किती घडतो आणि संस्कारांतून किती, यावर लेख आला होता. लेखकाने मेहनत घेतली आहे, पण त्यातली दोन विधाने वाचून गप्प बसवेना. सूर अंगातच असावा लागतो, हे एक. आणि आपल्याकडची माणसे स्वभावतःच एकत्र येत नाहीत, हे दुसरे. पहिले मी नोकरीभर पालकांच्या तोंडून ऐकले, दुसरे पारावर बसलेल्यांच्या. एकदा असे म्हटले की पुढे कोणाला काही करायचेच उरत नाही, म्हणून हे पत्र.

मी साक्री तालुक्यातली, पांझरेकाठची. शाळेत संगीत शिकवले, आता निवृत्त आहे आणि गावात बायकांचे भजनी मंडळ चालवते. माझे आजोबा फडाचे पाटकरी होते.

नव्या वाचकांसाठी फड म्हणजे काय ते सांगते. धुळे आणि नाशिक जिल्ह्यांत पांझरा, मोसम, आरम या नद्यांवर तीन-चारशे वर्षांपूर्वीपासून दगडी बंधारे आहेत. बंधाऱ्यातून कालवा निघतो आणि त्याखालच्या जमिनीचे फड पाडलेले असतात, बहुतेक ठिकाणी चार. एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचे. एका वर्षी एका फडात ऊस असेल तर बाकीच्यांत हंगामी पिके, आणि पुढे फेरपालट. प्रत्येकाची जमीन शक्यतो वेगवेगळ्या फडांत विखुरलेली. पाऊस कमी झाला तर कोणाचे शेत कोरडे ठेवायचे यावर भांडण नाही, अख्खा फडच त्या वर्षी भिजवायचा नाही. तोटा सगळ्यांच्या वाट्याला येतो, नफाही तसाच.

पाणी द्यायचे काम पाटकऱ्याचे. आजोबा बारे, म्हणजे पाटाची तोंडे, उघडत, एकेक शेत भिजवत पुढे जात. मालक बांधावर उभा असला तरी त्याने फावड्याला हात लावायचा नाही, हा नियम. पिकाची राखण जागल्याकडे, त्यांच्यावर देखरेख हवालदाराची. मोबदला धान्याच्या रूपात, खळ्यावरच. हंगामाआधी कालव्यातला गाळ काढायला सगळे उतरत. जो येणार नाही त्याचे नाव संध्याकाळपर्यंत गावभर झालेले असे.

आमच्या गावात भाऊबंदकी काही कमी नव्हती. बांधावरून कोर्टात गेलेले सख्खे भाऊ मी पाहिलेत. तीच माणसे पाण्याच्या पाळीला मुकाट थांबत. त्यांचा स्वभाव सकाळी एक आणि दुपारी दुसरा होता का? स्वभाव तोच होता, मांडणी वेगळी होती. बांधाच्या भांडणात तिसऱ्याचे काही जात नव्हते. पाण्यात मात्र सगळ्यांचे डोळे सगळ्यांवर होते, नियम त्यांनीच बैठकीत केलेले होते आणि चुकणाऱ्याला आधी समज, मग दंड असा चढता हिशेब होता.

1968 साली गॅरेट हार्डिन या अमेरिकी शास्त्रज्ञाने मांडले की सामाईक कुरण असेल तर प्रत्येक जण आपले एक जनावर वाढवत जाणार आणि कुरण उजाड होणार. ते इतके पटण्याजोगे होते की सामाईक मालमत्ता एकतर सरकारने ताब्यात घ्यावी नाहीतर खासगी करावी, असे धोरणच जगभर रुजले. एलिनॉर ऑस्ट्रॉम या अमेरिकी राज्यशास्त्रज्ञ बाईंनी उलट केले. जिथे कुरणे, जंगले आणि कालवे शेकडो वर्षे टिकले तिथले नियम त्यांनी अभ्यासले. स्वित्झर्लंडमधली डोंगरातली गावे, जपानमधली गावजंगले, फिलिपिन्समधले शेतकऱ्यांचे पाट. स्पेनमध्ये व्हॅलेन्सियाला शेतकऱ्यांचे पाणी न्यायालय आजही दर गुरुवारी कॅथेड्रलच्या दारात बसते, वकील नसतो, निकाल तोंडी आणि तिथल्या तिथे. ऑस्ट्रॉमबाईंना 2009 मध्ये अर्थशास्त्राचे नोबेल मिळाले, त्या क्षेत्रातला तो कोणाही स्त्रीला मिळालेला पहिला मान. त्यांनी टिकलेल्या व्यवस्थांची जी लक्षणे सांगितली ती वाचताना मला आजोबांचा फड डोळ्यांसमोर दिसत होता: हद्द ठरलेली, नियम वापरणाऱ्यांनीच केलेले, राखणदार त्यांनाच जबाबदार, शिक्षा चढत्या क्रमाने.

हे प्रयोगशाळेतही दिसले आहे. झुरिचच्या अर्न्स्ट फेर आणि सायमन गेख्टर यांनी चौघांचा एक खेळ लावला. प्रत्येकाजवळ 20 नाणी. सामाईक पेटीत टाकलेल्या प्रत्येक नाण्यामागे चौघांनाही 0.4 नाणे परत. सगळ्यांनी सगळे टाकले तर प्रत्येकाकडे 32 होतात. पण एकट्याने हात आखडला तर त्याचा आणखी फायदा. सुरुवातीला लोक बऱ्यापैकी टाकतात. मग एखादा फुकट खातो हे दिसले की बाकीचेही आखडतात आणि पेटी रिकामी होत जाते. त्याच माणसांना कुचराई करणाऱ्याला दंड करायची मुभा दिली, तीही स्वतःच्या खिशाला चाट लावून, की पेटी पुन्हा भरते. माणसे तीच आहेत, एक नियम बदलला आहे.

कोणी म्हणेल, ही शहरातल्या विद्यार्थ्यांची गोष्ट. जोसेफ हेन्रिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 2001 मध्ये 15 लहान समाजांतले निष्कर्ष मांडले. मिळालेल्या रकमेतले अनोळखी माणसाला किती देऊ करता, हा प्रश्न; त्याने नाकारले तर दोघांनाही काही नाही. पेरूच्या जंगलातले माचिगेंगा, जे कुटुंबापुरते कसतात आणि शिकार करतात, सरासरी चौथाईच्या आसपास देऊ करत. इंडोनेशियातल्या लामालेरा गावात लोक एका होडीत मिळून देवमासे मारतात आणि तुकडे वाटून घेतात. ते निम्म्याहूनही जास्त देऊ करत. रोजच्या कामात जे हाताला वळण लागते तेच खेळातही उतरते. लेखातल्या ‘आपली माणसे’ या शब्दांवर माझा आक्षेप आहे तो इथे.

आता गाण्याकडे येते, ते माझे क्षेत्र.

आमच्या मंडळात एक काकू आहेत. त्यांना लहानपणी शाळेत समूहगीताच्या वेळी सांगितले होते, तू नुसते ओठ हलव. पुढे लग्न, मुले, शेती. या बाईने अंगाईसुद्धा मोठ्याने म्हटली नाही. मंडळात आल्या त्या शेजारणीला सोबत म्हणून, मागे बसायच्या. मी त्यांना गा म्हटले नाही, हातात टाळ दिले. भजनी ठेका आठ मात्रांचा; डावी-उजवी करत त्या आठवड्याभरात त्यात बसल्या, कारण आजूबाजूला सगळ्यांचे हात तेच करत होते. मग धृपदाला ओठ हलायला लागले. आवाज आला तो पुरुषी, जाड, आणि आमच्या पट्टीत वर जाताना फाटणारा. बाकीच्या एकमेकींकडे बघायला लागल्या. मी पेटी काळी चारवरून पांढरी चारवर उतरवली आणि त्यांना आमच्यातल्या सगळ्यांत पक्क्या आवाजाच्या बाईंच्या उजव्या हाताला बसवले, अगदी खांद्याला खांदा. त्या बाईंचा षड्ज कानात पडत राहिला. सुरुवातीला काकू अर्धा सूर खाली लागायच्या, मग स्वतःच चाचपत वर सरकायच्या, आणि लागला की डोळे मिटायच्या. कोणी दुरुस्त केले नाही. आज एकादशीला अभंगाची पहिली ओळ त्या उचलतात.

त्यांचे जनुक बदलले नाहीत. लेखकाने जुळ्यांच्या अभ्यासाचा दाखला दिला तो खरा आहे आणि मी तो नाकारत नाही. स्वीडनमध्ये दहा हजारांहून अधिक जुळ्यांवर झालेल्या आणि 2014 मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात असे दिसले की एकसारख्या जुळ्यांपैकी एकाने खूप जास्त रियाज केला असला तरी सूर, लय, चाल ओळखण्याची दोघांची क्षमता जवळपास सारखीच राहते. रियाजाची ओढसुद्धा काही अंशी अनुवंशाने येते. मान्य. पण हा अभ्यास सांगतो ते माणसामाणसांतल्या फरकाबद्दल, आणि मोजली ती ऐकून फरक ओळखण्याची क्षमता. भजनात सुरात मिसळता येणे, ठेका न सोडणे, यासाठी लागणारी किमान शिदोरी जवळपास प्रत्येकाकडे असते. ज्यांना सुरांतला फरक खरोखरच उमगत नाही अशी माणसे शेकड्याला फार तर चार. माझ्याकडे येणारे पालक मात्र निम्म्या वर्गाबद्दल सांगतात, याला गळा नाही.

विष्णु दिगंबर पलुस्कर यांनी 5 मे 1901 रोजी लाहोरला गांधर्व महाविद्यालय काढले तेव्हा गाणे घराण्याच्या उंबऱ्याआड होते. गुरूच्या घरी राहून सेवा करणाऱ्या मोजक्यांनाच ते मिळे. पलुस्करांनी वर्ग भरवले, क्रमिक पुस्तके केली, फी ठरवली. त्यामुळे प्रत्येक जण गवई झाला नाही. पण मध्यमवर्गातल्या मुली तानपुरा घेऊन बसू लागल्या, आणि ऐकणारे कान घरोघर तयार झाले, ते या बदललेल्या मांडणीमुळे.

या दोन गोष्टी, पाणी आणि गाणे, मी ओढूनताणून एकत्र आणलेल्या नाहीत. जर्मनीत लायपझिगला सेबास्टियन किर्शनर आणि मायकेल टोमासेलो यांनी चार वर्षांच्या मुलांच्या जोड्यांना एक खेळ खेळवला. काही जोड्यांनी तो मिळून गात-वाजवत, ताल धरत खेळला, काहींनी तोच खेळ गाण्याशिवाय. नंतर एकाच्या हातातले सांडले, तर गाऊन आलेली मुले जोडीदाराच्या मदतीला जास्त धावली. 2010 सालचा हा अभ्यास. वारीत दोन ओळींत समोरासमोर उभे राहून एका पावलीवर टाळ धरणाऱ्यांना याचे नवल वाटणार नाही; दिंडीत पाणी कोणी भरायचे, तंबू कोणी ठोकायचा याची वाटणीही तीच माणसे करतात. लहान मुले ओळीच्या शेवटी उभी राहून शिकतात, त्यांची परीक्षा कोणी घेत नाही.

म्हणून माझे मागणे साधे आहे. आज बऱ्याच शाळांत परिपाठाला समूहगीत स्पीकरवर लावतात आणि मुले हात बांधून उभी असतात. तो स्पीकर बंद करा. बेसूर का होईना, मुलांना रोज मोठ्याने गाऊ द्या, एकाच्याही ओठांवर बोट ठेवू नका. पट्टी मुलांच्या आवाजाला बघून ठरवा, आणि ज्याचा आवाज हलतो त्याला पक्क्या आवाजाशेजारी उभे करा. यासाठी वेगळा निधी लागत नाही.

पाण्याचेही तसेच. 2005 चा सिंचन व्यवस्थापनाचा कायदा शेतकऱ्यांच्या पाणी वापर संस्थांना अधिकार देतो. कागदावर संस्था झाल्या, पण नियम वरून छापून आलेले आणि मोजणी दुसऱ्याच्या हातात असेल तर माणसे बैठकीला येणार कशाला? पाळी ठरवणे, माणूस नेमणे आणि दंड करणे संस्थेच्या हातात सोडा, मग बघा.

आणि एक विनंती आपल्याकडे. वर धरणे झाली, विहिरींवर मोटारी बसल्या, तसे फड मोडत गेले. पण ज्यांनी बारे उघडले ती म्हातारी माणसे साक्री आणि बागलाणमध्ये अजून आहेत. कोणत्या वर्षी कोणता फड सोडला, कोणाला किती दंड झाला, तंटा कसा मिटला हे त्यांना तोंडपाठ आहे. आपण पुरवणीसाठी एखादा वार्ताहर पाठवावा आणि ते त्यांच्याच शब्दांत छापावे. गावात उतरायची, जेवणाची सोय आमचे मंडळ करेल.

आपली,
एक निवृत्त संगीत शिक्षिका
ता. साक्री, जि. धुळे