जंबलाया सोडू नकोस

लाफायेट, लुइझियाना

चि. ओंकार,
अनेक आशीर्वाद.

ब्लड प्रेशर काठावर आहे असं डॉक्टरांनी सांगितलं, आणि तू फोनवर लगेच म्हणालास, "म्हणजे जंबलाया बंद." बंद कशासाठी? शाळेत होतास तेव्हापासून लुइझियानाचा हा एका भांड्यात शिजणारा मसालेदार भात तुझ्या जिभेवर बसला आहे. मिनियापोलिसच्या थंडीत तर तो हवाच. फक्त त्यातलं मीठ कुठून येतं ते नीट बघू या.

मुख्य मीठ आपण हाताने घालतो ते नसतंच. ते पाकिटांतून येतं. तुझ्या ओट्यावरचा केजन (इथल्या फ्रेंच वंशाच्या लोकांच्या) मसाल्याचा डबा उचल आणि घटक वाच, बहुधा पहिलंच नाव मिठाचं असेल. अशा मसाल्याच्या पाव चमच्यात साडेतीनशे मिलिग्रॅमपर्यंत सोडियम असतं, आणि आपण तो चमचे भरभरून घालतो. मोठ्या माणसाने दिवसभरात 2300 मिलिग्रॅमच्या वर जाऊ नये म्हणतात. त्यात भर म्हणून अंडुई (डुकराच्या मांसाचं, धुरावलेलं) सॉसेज आणि डब्यातला तयार स्टॉक. आणखी एक गोष्ट तुझ्या लक्षात येणार नाही, ती म्हणजे गोठवलेली कोळंबी. पाकिटावर 'सोडियम ट्रायपॉलीफॉस्फेट' दिसलं तर ते परत ठेव. कोळंबीने पाणी धरून ठेवावं म्हणून ते लावतात. घटकांत नुसती कोळंबी लिहिलेली असेल तेच घे, शक्यतो आपल्या इथल्या गल्फच्या आखातातली, आणि सालीसकट. सोललेली मुळीच आणू नकोस, कारण सगळी चव त्या सालींत आहे.

अर्धा किलो कोळंबी सोल, पाठीतला काळा दोरा काढ आणि ती फ्रिजमध्ये ठेव. साली कोरड्या पातेल्यात मध्यम आचेवर परत. आधी त्या करड्या असतात, मग कडा गुलाबी होतात, मग सगळ्या केशरी होऊन खरपूस वास सुटतो. तेव्हा पाच कप पाणी, सेलरीची टोकं, कांद्याचं साल आणि एक तमालपत्र घाल. वीस-पंचवीस मिनिटं मंद उकळू दे आणि गाळून घे. मीठ नाही. हा स्टॉक चाखलास तर डबाबंद स्टॉक कशाला घ्यायचा, असं तुझं तुलाच वाटेल.

आता खरी मेहनत. इथल्या केजन लोकांच्या जंबलायात टोमॅटो नसतो, तो न्यू ऑर्लीन्सच्या क्रिओल पद्धतीत. केजन भात तपकिरी असतो आणि तो रंग लोखंडी भांड्याच्या तळाशी धरलेल्या मांसाच्या खरपुडीतून येतो. आपण सॉसेज काढलं की ती खरपुडीही जाते, म्हणून घरी केलेला 'हेल्दी' जंबलाया बहुतेकदा फिक्का लागतो. ती कांद्यातून आणायची. जाड बुडाच्या भांड्यात दोन मोठे चमचे तेल, दोन मोठे कांदे बारीक चिरून, आच मध्यम. घाई करू नकोस. कांदा तळाला चिकटून तपकिरी थर धरायला लागला की दोन चमचे स्टॉक टाक आणि लाकडी उलथन्याने तळ खरवडून घे. थर विरघळून कांद्यात मिसळतो. पुन्हा चिकटू दे, पुन्हा खरवड. असं चार-पाच वेळा झालं की कांदा लोण्यासारखा मऊ आणि गुळाच्या रंगाचा होतो. याला अर्धा तास लागतो आणि तो द्यायचाच.

मग एक ढोबळी मिरची आणि सेलरीचे तीन दांडे बारीक चिरून घाल. कांदा, मिरची, सेलरी या त्रिकुटाला इथे 'होली ट्रिनिटी' म्हणतात. मी ढोबळी मिरची दुप्पट घालते, भात तेवढा कमी लागतो. पाच-सहा लसूण पाकळ्या ठेचून. मसाला घरचाच कर: दोन चमचे स्मोक्ड पाप्रिका, एक चमचा थाइम, अर्धा ऑरेगॅनो, अर्धा मिरपूड, पाव कायेन (तिखट लाल मिरचीची पूड). सॉसेजचा धुरकट वास पाप्रिका भरून काढते. आपला गरम मसाला आणि नारळ मात्र घालू नकोस. कोळंबीभात वेगळा, हा वेगळा, दोघांचा मान राखावा.

तांदूळ दीड कप, लांब दाण्याचा ब्राउन राइस, अर्धा तास भिजवून निथळलेला. मसाल्यात दोन मिनिटं परत, तीन कप स्टॉक आणि अर्धा लहान चमचा मीठ घाल. सगळ्या भांड्याला एवढंच. चौघांत वाटलं तर ताटागणिक तीनशेच्या आत सोडियम त्यातून येतं, कोळंबीचं स्वतःचं थोडं वेगळं. उकळी आली की आच अगदी बारीक, घट्ट झाकण, चाळीस-पंचेचाळीस मिनिटं. मधे ढवळायचं नाही, दाणा मोडतो आणि भात गिचका होतो. पाणी आटलं की कोळंबी वर पसर, झाकण ठेव, पाच मिनिटांनी आच बंद कर आणि तसंच मुरू दे. कोळंबी गुलाबी, अपारदर्शक आणि अर्धगोल वळली की झाली.

वरून पातीचा कांदा, पार्स्ली आणि लिंबू. आंबटपणा असला की मीठ कमी असल्याचं जाणवत नाही. तुझा लाडका टबॅस्को सॉसही चालेल, चमचाभरात फक्त 35 मिलिग्रॅम सोडियम असतं. आपण तुला एव्हरी आयलंडला नेलं होतं, 1868 पासून तो तिथेच करतात.

कुणी म्हणेल की सॉसेज नाही म्हणजे हा जंबलाया नव्हे. त्याचं मनावर घेऊ नकोस. इंग्रजांनी 1755 पासून अकेडियातून (आजच्या पूर्व कॅनडातून) हुसकावलेली माणसं, म्हणजे केजनांचे पूर्वज, या बायूंच्या (संथ, दलदलीच्या ओढ्यांच्या) काठी आली आणि जे हाती लागेल ते एका भांड्यात शिजवून जगली. इथल्या क्राउली गावाच्या आसपास आजही तांदूळ निघाला की त्याच शेतांत पाणी सोडून क्रॉफिश (गोड्या पाण्यातले कोळंबीसारखे जीव) वाढवतात. भात आणि पाण्यातला जीव यांचा हा जुनाच संबंध आहे. तू कोळंबीवर भर दिलास तर बिघडलं कुठे?

उरलेला भात दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेव. दुसऱ्या दिवशी डब्याला न्यायचा असेल तर कोळंबी आधीच बाजूला काढ आणि भात गरम झाल्यावर वर घाल, नाहीतर ती रबरासारखी होते. बाबा म्हणतात, घरचं ब्लड प्रेशर मोजायचं यंत्र घे. रोज सकाळी एकाच वेळी मोज आणि आठवड्याचे आकडे रविवारी मला पाठव.

तुझी,
आई